सावळातात्याचं दीड मिनिट

भोरात शूटिंग आलं की पहिला फोन मला येतो. पन्नास मावळे, नऊवारीतल्या वीस बायका, दोन बैलगाड्या, एक न लाथाडणारी म्हैस, जे मागतील ते मी पुरवतो. मुंबईवाले मला कोऑर्डिनेटर म्हणतात आणि भोरातले लोक ‘मढी पुरवणारा अजित’ म्हणतात, कारण लढाईचा सीन असला की निम्मी माणसं नुसती मरायलाच लागतात. राजवाड्याच्या पायऱ्यांवर, भाटघरच्या पाण्याकाठी, वरंध्याच्या वळणांवर गेली पस्तीस वर्षं मी माणसं मारत आलोय. त्यात सगळ्यात जास्त वेळा मेलेला माणूस म्हणजे सावळातात्या.

तात्या भोरचा नव्हे, वेल्ह्याच्या वरच्या अंगाचा. केळद ओलांडून डोंगर चढला की धनगरांची सात घरं लागतात, त्यातलं एक त्याचं. घरात बायको जाईबाई, एकुलती मुलगी दिपाली आणि दारात शंभरेक शेरडं-मेंढरं. पावसाळ्यात मेंढरांना वरचा गारठा सोसत नाही म्हणून तो कळप घेऊन किकवीकडं उतरायचा आणि दसरा झाला की परत चढायचा. एकदा असाच बोकड विकायला भोरच्या बाजारात आला होता आणि मला नेमका एक माणूस कमी पडत होता. मी त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणालो, “तात्या, मरता का? जेवण मिळंल.”

तो म्हणाला, “मरतो की. पर बोकडाला कोन धरील?”

बोकड मी धरला. तो मेला, आणि असा मेला की डायरेक्टर खुर्ची सोडून बघायला आला. त्याच्या मांडीखाली तांबड्या मुंग्यांचं बीळ होतं. शॉट संपला, लोक उठले, चहा आला, तरी हा पडलेलाच. मी हलवलं तेव्हा उठला. पाय सुजून भोपळा झाला होता. मी म्हटलं, “अहो, खाजवायचं तरी!” तर म्हणतो, “मेलेल्याला मुंग्या चावत्यात, पर त्यो खाजवीत न्हाई.”

तेव्हापासून तो माझा हुकमी माणूस झाला. मशालवाला, भालदार, भिकारी, पारावर चिलीम ओढणारा गाववाला, सावकाराच्या दारातला चौथा माणूस. उन्हात रापलेला चेहरा, कपाळाला तीन ठसठशीत आठ्या, बारीक डोळे. मुंबईची माणसं त्याला बघून ‘काय फेस आहे!’ म्हणायची आणि मग त्याच फेसवर घोंगडी ओढून त्याला शेवटच्या रांगेत उभं करायची. ह्या लोकांच्या कौतुकाला जन्मात कधी बूड नसतं.

तात्याला एक खोड होती. कपडे चढवले की असिस्टंटजवळ जाऊन विचारायचा, “म्या कोन?” असिस्टंट म्हणजे बहुतेक वेळा कानाला यंत्र लावलेलं, तीन रात्री न झोपलेलं कुणीतरी. ते म्हणायचं, “तुम्ही गर्दी, काका.” हे तात्याला पटायचं नाही. “गर्दीला बी आई-बाप असत्यात,” असं पुटपुटत बाजूला व्हायचा आणि स्वतःच स्वतःला नाव द्यायचा. मग मला येऊन सांगायचा, “आजित, आज म्या कोंडिबा. माजी बायकू बाळतीण हाय, माजं चित्त घराकडं हाय.” झालं. महाराजांची आज्ञा वाचली जातेय, दोनशे माणसं माना वर करून ऐकतायत आणि एक म्हातारा सारखा मागं वळून डोंगराकडं बघतोय. डायरेक्टर ओरडायचा, ‘त्याला सरळ बघायला सांगा.’ मी धावत जायचो. तात्या सरळ बघायचा, पण नाराज होऊन. त्याचं म्हणणं, बाळंतिणीला सोडून आलेला माणूस सरळ बघेलच कसा?

गर्दीसाठी माझा एकच कडक नियम होता: कॅमेरा सुरू झाला की तोंडातून शब्द निघता कामा नये. एखाद्यानं शेजाऱ्याला ‘तंबाखू हाय का’ विचारलं की सगळा शॉट वाया जातो. म्हणून मी सकाळीच उभा राहून दम भरायचो, “कॅमेरा दिसला की तोंडाला कुलूप! ज्याचं तोंड हाललं त्यानं घरचा रस्ता धरायचा.” सव्वीस वर्षं हे मी तात्याला ऐकवलं. तो माझा सगळ्यात आज्ञाधारक माणूस होता.

पिच्चर टीव्हीवर आला की सगळी वस्ती खाली केळदला येऊन बघायची. तात्या एखाद्या कोपऱ्यात क्षणभर दिसायचा. लोकांना सापडायचा नाही, पण जाईबाई अचूक बोट ठेवायची. “त्यो बगा, त्यो पाय त्यांचा.” नुसत्या पायावरून नवरा ओळखणारी बाई मी दुसरी पाहिली नाही. पण घरी जाताना ती दर वेळी म्हणायची, “समदं खरं, पर तुमी कवा बोलनार वो?” तिला त्याचं बोलणं ऐकायचं होतं. आणि त्यालाही तेच पाहिजे होतं. पैसा नको, पुढची रांग नको, एकदा पडद्यावर बोलायचं होतं.

ही ओढ त्याच्यात पक्की रुजवली ती एका जपानी म्हाताऱ्यानं. कुठल्याशा जपानी पिच्चरची माणसं आठ दिवस भाटघरला आली होती. त्यांच्यात सत्तरीचा एक नट होता. त्याचं काम सगळं मिळून एका नावाड्याचं. दुभाषी पोरीनं सांगितलं, की ह्यांनी दोनशेच्या वर पिच्चर केलेत, एकातही हिरो नाहीत. कधी पोस्टमन, कधी हवालदार, कधी शेजारचा दारुडा. तात्याचे डोळे चमकले. “म्हंजे ह्यो आपल्यातलाच की!” तो सरळ त्याच्या शेजारी जाऊन उकिडवा बसला आणि दोघांची गट्टी जमली. भाषा नाही, काही नाही. एक जण मेल्याचं सोंग करून दाखवायचा, दुसरा त्याहून सरस मरायचा. माझं घर भोरात बुद्धविहाराच्या मागं आहे. जपानी बाबांना विहार बघायचा होता म्हणून दुभाषी पोरीसकट दोघांना घरी नेलं, आईनं चहा केला. तिथं त्यानं तात्याला विचारलं, ‘तू पडद्यावर किती वेळा बोललास?’ तात्यानं ‘एकदाबी न्हाई’ म्हणून मान हलवली. तेव्हा तो जपानी म्हणाला, ‘मी पहिल्यांदा बोललो तेव्हा चोपन्न वर्षांचा होतो. माझी आई तेव्हा जिवंत होती. तिनं ऐकलं.’

त्या दिवशी तात्याला सोडायला मीही डोंगर चढलो. घरापाशी आल्यावर म्हणाला, “आजित, आपलं बी व्हईल.” तेव्हा तो पंचावन्न वर्षांचा होता.

झालं ते साठाव्या वर्षी. मुंबईचा एक तरुण डायरेक्टर वेल्ह्याच्या पठारावर आला. हरवलेल्या भावाला शोधत हिरो पठारावर येतो आणि एका मेंढपाळाला वाट विचारतो, असा सीन. मेंढपाळाचं काम करायला मुंबईहून नावाजलेला नट आणला होता आणि मेंढरं मी तात्याची लावली होती. नटानं हाक मारायची, मेंढरं वळायची, मग बोलायचं. आता मेंढरांना नावाजलेला नट कळतो थोडाच? आमच्याकडं प्रत्येक धनगराची हाळी वेगळी असते. बापाची हाळी पोरालासुद्धा तशीच्या तशी साधत नाही आणि मेंढरू दुसऱ्याच्या हाळीला कान हलवत नाही. नटानं दहा वेळा हाक मारली. मेंढरं चरत राहिली. दुपार कलायला लागली. शेवटी तो चिडला, घोंगडी फेकली आणि गाडीत जाऊन बसला.

डायरेक्टरनं हताश होऊन तात्याकडं पाहिलं. तात्यानं जिभेनं टाळू वाजवली आणि लांबलचक हाळी दिली. पठाराच्या कडेपासून सगळा कळप वळला. डायरेक्टर पुढं आला आणि म्हणाला, “बाबा, तुम्हीच बोलता का?”

तात्यानं आधी माझ्याकडं पाहिलं. मी मान हलवली. मग त्यानं डायरेक्टरला विचारलं, “म्या कोन?”

आणि सव्वीस वर्षांत पहिल्यांदा त्याला कुणीतरी नीट उत्तर दिलं. डायरेक्टर त्याच्याजवळ दगडावर बसून सांगत राहिला, तुम्ही सिद्धनाथ, तुमचा मुलगा ह्याच वाटेनं गेला आणि आला नाही. तात्या ऐकत राहिला. लिहिलेलं त्याला पाठ होईना, म्हणून डायरेक्टर म्हणाला, तुमच्या मनानं बोला. कॅमेरा सुरू झाला. हिरोनं वाट विचारली आणि तात्या बोलला: “वाट हाय, पर तुमच्या पायाला घावायची न्हाई. ह्या वाटंनं गेल्याला मानूस परत येतो. येळ लागतो, पर येतो. म्या हितंच असतो. त्यो आला तर म्या सांगतो त्याला, तुमी यिऊन गेला म्हनून.” मग हाळी. मग कळप वळतो. सगळं मिळून दीड मिनिट. हिरोच्या डोळ्यांत खरोखर पाणी आलं. आवाज घेणाऱ्या माणसानं केसाळ बोळा लावलेली लांब काठी खाली केली आणि तात्याला म्हणाला, “काका, घसा बसलाय तुमचा, गरम पाणी घ्या.” आम्ही सगळे हसलो.

घसा बसला नव्हता. दोन महिन्यांनी गिळताना दुखायला लागलं, रक्त पडलं. मी त्याला, जाईबाईला आणि दिपालीला जीपमधून पुण्याला नेलं. कॅन्सर निघाला. डॉक्टरीण बाई तरुण होती, समजावून सांगणारी होती. स्वरयंत्र काढावं लागेल, गळ्याला भोक राहील, जीव वाचेल पण आवाज जाईल. मग म्हणाली, “ऑपरेशनला चार दिवस आहेत. मोबाईलमध्ये यांचा आवाज रेकॉर्ड करून ठेवा. नंतर घरच्यांना त्याचा फार आधार होतो.”

दिपालीनं तिथल्या तिथं मोबाईल काढून बापासमोर धरला. ती तेव्हा पाच महिन्यांची पोटुशी होती. वरवे बुद्रुकला दिलेली, नवरा तिथल्याच कारखान्यात. तिच्या मोबाईलमध्ये बापाचे आधीचे पंधरा-वीस व्हिडिओ होते आणि एकातही आवाज नव्हता. मोबाईल दिसला की हा माणूस ताठ उभा राहायचा आणि ओठ मिटायचा. कॅमेरा दिसला की तोंडाला कुलूप. कुणी शिकवलं होतं ते मी वर सांगितलंच आहे. त्या दिवशीही तो तसाच ताठ बसला. दिपाली रडत म्हणत होती, “बोला की आबा, कायबी बोला.” त्यानं हातानं मोबाईल खाली केला आणि म्हणाला, “ह्यात कशाला? मोबाईल आज हाय, उद्या पान्यात पडल. माजा आवाज पिच्चरात हाय की. पिच्चर ऱ्हातो.”

जाईबाईनं डोळे पुसले. “व्हय गं. पिच्चरात लई बेस येतो आवाज.” मग दोघांनी माझ्याकडं पाहिलं. मी म्हणालो, “व्हय, व्हय. पिच्चरात हाय.”

मला डबिंग माहीत होतं. शूटिंगवर घेतलेला आवाज पुष्कळदा नुसता कच्चा असतो, नंतर नटाला मुंबईला नेऊन बंद खोलीत पुन्हा बोलायला लावतात, हे मला चांगलं ठाऊक होतं. त्या वेळी आठवलं नाही, असं मी स्वतःला पुष्कळ वर्षं सांगितलं. आठवलं होतं. पण समोर दोन माणसं एवढ्या भरवशानं बघत असताना ‘कदाचित नसेल’ असं म्हणायला छाती लागते आणि ती माझ्याकडं नव्हती.

ऑपरेशन झालं. तात्या वाचला. घरी आला तो गळ्याला फडकं बांधून. पहिल्याच सकाळी मेंढरांच्या वाड्याच्या तोंडाशी उभा राहून त्यानं हाळी द्यायला छाती भरली आणि गळ्याच्या भोकातून नुसती वाफ निघाली. मेंढरं त्याच्याकडं बघत उभी राहिली. जाईबाईनं पुढं होऊन हाक मारून पाहिली, पण तिची सवय कळपाला नव्हती. पुढं हळूहळू झाली. तोवर निम्मी मेंढरं विकून टाकली होती.

महिन्याभरानं मुंबईहून फोन आला. पठारावर वारा फार होता, आवाज खराब आलाय, सिद्धनाथचं काम केलेल्या काकांना दोन तासांसाठी डबिंगला पाठवा. मी भोरच्या एसटी स्टँडवर उभा होतो. म्हणालो, ते आजारी आहेत, नाही येऊ शकत. पलीकडची बाई म्हणाली, “मग सीन छोटा करावा लागेल, नाहीतर दुसऱ्या आर्टिस्टचा आवाज टाकू.” मी म्हणालो, “सीन कापू नका. दुसऱ्याचा टाका.”

एवढंच बोलणं झालं. ‘त्यांचा खराब आलेला आवाज मला पाठवून द्या’ एवढं वाक्य मला म्हणता आलं असतं. मनात आलंसुद्धा. पण ह्या धंद्यात एकदा भुणभुण करणारा माणूस म्हणून नाव पडलं की पुढचे फोन येत नाहीत. आणि म्हटलं, नंतर बघू, पिच्चर काय लगेच येतोय? तात्याच्या घरी मी कुणाला काही सांगितलं नाही.

पिच्चर यायला तीन वर्षं लागली. तोवर दिपालीची मुलगी प्रेरणा अडीच वर्षांची झाली. आजोबा तिच्या लेखी जन्मापासून मुकाच. तिला सांगून ठेवलं होतं, आज्जा पिच्चरात बोलतो. ती येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची, “माजा आज्जा पिच्चरात बोलतो.” तात्या तिला मांडीवर घेऊन ओठ हलवायचा आणि ती त्याच्या तोंडाला कान लावायची. वस्तीवर त्या तीन वर्षांत पिच्चरशिवाय दुसरा विषय नव्हता. मला बघितलं की जाईबाई विचारायची, “भाऊ, कवा लागायचा?” मी म्हणायचो, “लागंल, वहिनी.” त्या दरम्यान एकदा धीर करून मी मुंबईच्या त्या ऑफिसात फोन केला होता. नवीन मुलगा होता. त्यानं विचारून सांगितलं, जुना आवाज राहिलेला नाही, त्या डिस्कवर दुसरं शूटिंग घेतलं. वर म्हणाला, “डबिंगच्या वेळी बोलला असतात तर पाच मिनिटांचं काम होतं, सर.”

पिच्चर लागला तेव्हा आम्ही अकरा जण जीपमध्ये दाटीवाटीनं पुण्याच्या थिएटरला गेलो. तात्यानं नवीन फेटा बांधला होता, जाईबाई लेकीच्या लग्नातलं लुगडं नेसली होती. मी रस्ताभर सांगायचं म्हणत होतो. वाटेत चहाला थांबलो तेव्हा सांगणार होतो. कात्रजचा बोगदा आला तेव्हाही. नाही सांगितलं.

पिच्चर सुरू झाल्यावर पाऊण तासानं पठार दिसलं. मेंढरं दिसली. फेट्यातला तात्या पडद्यावर भिंतीएवढा उभा राहिला आणि आमच्या ओळीत सगळ्यांनी श्वास धरला. हिरोनं वाट विचारली. तात्याचे ओठ हलले.

आवाज गुळगुळीत होता. रेडिओवर बातम्या सांगणाऱ्या माणसानं मुद्दाम ‘न्हाई’ म्हणावं तसा. शब्द तेच, पण वजन नाही, खरखर नाही. हाळीसुद्धा त्या दुसऱ्याचीच. कुठल्याशा थंड खोलीत उभ्या राहिलेल्या, जन्मात मेंढरू न हाकलेल्या माणसाची. आणि पडद्यावर तात्याची मेंढरं त्या हाळीला वळत होती! खऱ्यात त्यांनी त्या आवाजाला एक खूर उचलला नसता. मला ओरडून पिच्चर बंद पाडावासा वाटला.

जाईबाई माझ्या शेजारी होती. ती हळूच म्हणाली, “ह्यो कोन बोलतोय?” तिनं दुसऱ्या बाजूला नवऱ्याकडं पाहिलं. मीही पाहिलं. पडद्याच्या उजेडात तात्याचे ओठ हलत होते. आपलं बोलणं त्याला अक्षरन् अक्षर पाठ होतं. पडद्यावर दुसराच माणूस बोलत होता आणि ज्याचं बोलणं होतं तो खुर्चीत बसून आवाजाशिवाय बोलत होता.

तेवढ्यात प्रेरणा दिपालीच्या मांडीवर उभी राहिली आणि टाळ्या पिटत ओरडली, “आज्जा बोलला! माजा आज्जा बोलला!” थिएटरातले चार लोक हसले. तिनं वळून तात्याचा गाल ओढला. “तू बोलला ना?”

तात्या तिच्याकडं बघत राहिला. मग त्यानं हसून मान हलवली. व्हय.

बाहेर आल्यावर जाईबाई जिन्याच्या कठड्याला धरून उभी होती. मला वाटलं, आता विचारेल. ती एवढंच म्हणाली, “पोरीला कुनी काय बोलू नगा.” कुणी बोललं नाही. दिपालीनं पुढं तेवढं दीड मिनिट मोबाईलवर मिळवलं. प्रेरणा वस्तीवर आली की दिवसभर तेच लावायची. जेवताना लावायची, झोपताना लावायची. आज्ज्याच्या मांडीवर बसून त्याला दाखवायची आणि तो दर वेळी मान हलवून सांगायचा, व्हय, म्याच. लोक म्हणतात तात्याला मोठं काम कधी मिळालं नाही. ते आवाजाचं सोंग त्यानं अकरा महिने केलं, दिवसातून वीस-वीस वेळा, आणि त्या पोरीला एकदाही संशय येऊ दिला नाही. मी जन्मात इतकं अवघड काम करताना कुणाला पाहिलं नाही आणि ते बघताना मला दर वेळी उठून बाहेर जावं लागायचं.

मग दुखणं परत उलटलं आणि तात्या गेला. खरोखरचा गेला तेव्हा मी तिथं होतो. इतक्या वेळा त्याला मरताना पाहिलं होतं, पण हे त्याला चांगलं साधलं नाही. फार वेळ लागला, फार त्रास झाला.

वर्षश्राद्धाला मी कामात होतो, किंवा कामात असल्याचं सांगितलं. गेल्या महिन्यात एकटाच वर गेलो. जाईबाई दारात लोकर निवडत बसली होती. पाणी दिलं, बसायला पोतं टाकलं. प्रेरणा सुट्टीला आली होती. आत मोबाईल चालू होता आणि तो गुळगुळीत आवाज सांगत होता की ह्या वाटेनं गेलेला माणूस परत येतो.

जाईबाईनं हातातलं काम थांबवलं. “भाऊ, येक इचारू? तुमाला त्यांचा आवाज आठवतो?”

“आठवतो की, वहिनी.”

“मला न्हाई आठवत.” तिनं हे अगदी साध्या सुरात सांगितलं. “आठवाया बसलं की ह्योच येतो, पिच्चरातला. चाळीस वर्सं नांदले म्या. भांडान काडलं तरी ह्योच बोलतो, मला हाक मारली तरी ह्योच मारतो. म्या डोळं मिटून लई खटपट करती. ह्यो मानूस काय जागा सोडीत न्हाई.”

मला राहवलं नाही. मी सगळं सांगितलं. एसटी स्टँडवरचा फोन सांगितला. ‘दुसऱ्याचा टाका’ असं मीच म्हणालो, हे सांगितलं. मागून घ्यायचं मनात आलं होतं आणि घेतलं नाही, हेही सांगितलं. सांगताना मी रडत होतो. आणि खोटं कशाला बोलू, सांगून झाल्यावर मला क्षणभर हलकं वाटलं.

ती ऐकत होती. मग म्हणाली, “म्हंजे तवा मागितला असता तर घावला असता?”

“व्हय.”

“आपरेशन झाल्यावर बी?”

“व्हय, वहिनी. तवा हुता त्यांच्याकडं.”

मला वाटलं शिव्या देईल, आणि देवो असंच वाटत होतं.

“म्या समजत व्हते द्येवानं न्हेला,” ती म्हणाली. “द्येवाशी लई भांडले म्या. भांडून भांडून आता कुठं गप बसले व्हते. म्हनलं, न्हाईच घावनार व्हता, तर कुनाला बोल लावायचा?” तिनं माझ्याकडं पाहिलं. डोळ्यांत राग नव्हता, नुसता थकवा होता. “हे तुमी मला कशाला सांगितलं, भाऊ?”

तिनं लोकर गोळा करून टोपल्यात भरली आणि उठून मेंढरांकडं गेली. मी थोडा वेळ तिथंच बसलो, मग डोंगर उतरायला लागलो.